पांढरीतलं लेकरू

पांढरीवरची आखणीची दोरी पूर्वेकडं सरकली, तेव्हा बयाबाई परड्यात म्हशीला पाणी दाखवत होती. बादली हातात तशीच राहिली. म्हशीनं मुस्कट घालून ती उलटवली, पाणी पायावरून वाहून गेलं, तरी तिचं लक्ष नव्हतं.

परड्याच्या कुडावरून सगळी पांढर दिसायची. वेदगंगेपासून वर चढावर, राखेसारख्या भुरक्या मातीचा उंचवटा. जमीन बयाबाईच्या घरची, पण तिच्यात पीक कधी धड आलं नाही. नांगर घातला की खापरं वर यायची. गाव भिंती लिंपायला तिथनं माती न्यायचं, एवढाच तिचा उपयोग. पंच्याहत्तर सालच्या माघात पुण्याहून वैद्य साहेब आले, त्यांनी खापरं वेचून पुसून पाहिली आणि बयाबाईच्या लेकाला, जोतीरामाला, विचारून जुन्या वस्तीच्या शोधात तिथं उकरायला सुरुवात केली. जोतीरामाच्या बैलाचा खांदा सुजला होता. बिद्रीच्या कारखान्याला ऊस ओढायची गाडी दारातच उभी होती. साहेबांनी त्याला आणि त्याच्या बायकोला, झुंबरला, कामावर घेतलं, तेव्हा बयाबाईसुद्धा खूश झाली होती.

कारण तेव्हा ते पश्चिमेकडं उकरत होते. आता दोरी बोरीच्या झाडाकडं चालली होती.

बोरीच्या बुडाशी तिची नात होती.

गेल्या श्रावणात झुंबर बाळंत झाली. पोर जन्मली आणि दुपारच्या आत गेली. झुंबर तापानं फणफणली होती, तिला कशाचीच शुद्ध नव्हती. जोतीराम बैल बघायला बाजाराला गेलेला, तो पुरानं पलीकडंच अडकला. सुईण अमीरबी होती, तीही डोळं पुसत घरी गेली. घरात उरली एकटी बयाबाई आणि लुगड्यात गुंडाळलेलं ते गाठोडं. गावाची रीत म्हणजे लहान लेकरू नदीच्या मसणवटीत पुरायचं. पण नदी मसणवटीवरूनच वाहत होती. बयाबाई भर पावसात पांढरीवर गेली. खुरप्यानं खड्डा काढला, पोर ठेवली, कोल्ह्याकुत्र्यानं उकरू नये म्हणून वरून फुटक्या रांजणाचं बूड पालथं घातलं. झुंबर शुद्धीवर आली तेव्हा तिनं एवढंच विचारलं, “कुठं दिली?” बयाबाईनं सांगितलं, “मसणवटीत.” रीत मोडली म्हणून गाव काय म्हणेल, ह्याची धास्ती होती. जोतीरामालाही तिनं तेच सांगितलं. तेव्हापासून झुंबर दर अवसेला वाटीभर दूध नेऊन मसणवटीतल्या चिंचेखाली ओतून यायची.

त्या संध्याकाळी जोतीराम हातपाय धूत असताना बयाबाई म्हणाली, “जोती, बोरीकडं उकरू देऊ नगंस त्येंना.”

“का?”

“न्हाई म्हंजे न्हाई. आपली जिमीन हाय.”

“आपली हाय म्हणूनच काम मिळालंय की. बैल बशीलाय, दुसरं काम कुठंय? आन बोरीत काय पुरलंईस, हंडा?” तो हसला.

बयाबाई आत गेली. चुलीपुढं झुंबर भाकरी थापत होती. तिच्या हाताच्या रेषांत पांढरीची माती बसली होती, धुऊनही जात नव्हती.

दोन दिवसांनी दुपारच्या सुट्टीत सगळे भाकरी खायला सावलीला गेले, तेव्हा बयाबाईनं बोरीखाली एक दगड उभा केला. त्याला शेंदूर फासला, पुढं लिंबू कापून ठेवलं. माणसं परत आली तर ती पदर पसरून बसलेली.

“म्हसोबाची जागा हाय ही,” ती म्हणाली. “हितं कुदळ घालायची न्हाई.”

वैद्य साहेबांनी डोक्यावरची टोपी काढली, दगडाला हात जोडले. साधा, उन्हानं भाजलेला माणूस होता तो. “देवाची जागा असेल तर सोडू आम्ही,” ते म्हणाले. “पण गावातल्या जाणत्याला विचारायला हवं.”

जाणता म्हणून आला बाळासो, गावचा पोलीस पाटील. त्यानं दगडाकडं पाहिलं, वाकून एक बोट लावलं. बोट लाल झालं. ते त्यानं सगळ्यांना दाखवलं.

“वल्ला हाय अजून,” तो म्हणाला. “ह्या जाग्यावर माझ्या आज्जानं गुरं राखली. म्हसोबा कवा आला बया? सकाळच्या एस्टीनं?”

माणसं खदाखदा हसली. घमेली घेऊन उभ्या असलेल्या बायका तोंडाला पदर लावून हसल्या. झुंबर हसली नाही. ती मान खाली घालून चाळणीतली माती उगीच हलवत राहिली. जोतीराम तरातरा आला, त्यानं तो दगड उचलून बांधाकडं भिरकावला आणि आईच्या दंडाला धरून तिला उठवलं. चारचौघांत आईला त्यानं असा हात कधी लावला नव्हता.

“घरला जा,” तो दातओठ खात म्हणाला. “अब्रू घालीवलीस.”

बयाबाई घरी आली आणि माजघरात भिंतीकडं तोंड करून बसली. खरं सांगून टाकावं असं तिच्या जिवात दहादा आलं. पण आता खरं सांगणं पहिल्यापेक्षा अवघड झालं होतं. खोटा देव मांडला तो कशासाठी, असं लोक विचारतील. पोर झाली होती, पोरगा नव्हे. बाप गावात नाही, आई बेशुद्ध, आणि सासूनं कुणाला न सांगता शेतात पुरलं. ऐकणारा काय समजेल, हे तिला कुणी सांगायला नको होतं.

त्याच आठवड्यात पश्चिमेच्या चरात ते मडकं लागलं.

चरात तेव्हा एका घराची जमीन उघडी पडली होती. चोपून गुळगुळीत केलेली, कडेला खांबांचे गोल खळगे, मधे चुलीचा काळा खड्डा. शमशुद्दीन त्या जमिनीवर उकिडवा बसला होता. तो साहेबांचा मुकादम. कोल्हापूरचाच, पण गावोगावच्या चरांत त्याचं वय गेलेलं. त्याच्या हातातला कुंचला एकाएकी थांबला. त्यानं साहेबांना हाक मारली, ती मोठ्यानं नाही, पण सगळ्यांनी मान वर केली.

चुलीच्या बाजूला, जमिनीच्या खाली, दोन मडकी आडवी ठेवलेली होती. तोंडाला तोंड लावून. वरचं मडकं मातीच्या भारानं चिरलं होतं. साहेबांनी एक तुकडा अलगद उचलला. आत पाखरासारखी हाडं होती. कवटी अंड्याच्या टरफलासारखी पातळ. शेजारी एक वाटीएवढं मातीचं भांडं, त्याला चोच.

काम थांबलं. गावातनं माणसं आली, बायका आल्या, बयाबाईही पाठीमागं उभी राहिली.

“किती दिसांचं आसंल हो?” एका बाईनं विचारलं.

“दिवसांचं नाही, बाई. तीन हजार वर्षं झाली असतील,” साहेब म्हणाले. “तेव्हा लोखंडसुद्धा माहीत नव्हतं इथं. लेकरू गेलं की ही माणसं ते असं दोन मडक्यांत ठेवायची आणि घरातच पुरायची.”

“घरात? पायाखाली?”

“हो. इथंच रांधायचे, इथंच झोपायचे.”

“का पर?”

साहेबांनी हातातलं खापर अलगद खाली ठेवलं. “ते आम्हाला नक्की सांगता येत नाही. लांब ठेववत नसेल. दुसरंही काही असेल.”

झुंबर चराच्या काठावर गुडघ्यांवर बसली होती. डोक्यावरचं घमेलं तिनं खाली ठेवलंच नव्हतं. मातीनं भरलेलं घमेलं एका हातानं धरून ती खाली बघत होती. जोतीरामानं येऊन ते उतरवून घेतलं.

संध्याकाळी घरात धूर कोंडला होता. झुंबर चुलीत फुंकर घालून थांबली.

“आत्ती, आपल्या पोरीला कशात ठेवलंतंसा?”

“लुगड्यात,” बयाबाई म्हणाली. तेवढं खरं होतं.

“कुठल्या?”

“माझ्याच. हिरव्या.”

“आन खोल खणलंतं न्हवं?”

“व्हय.”

“चिंचंखालीच न्हवं? मी तितंच दूध घालतो. पोचत आसंल न्हवं तिला?”

झुंबरनं तोंड वळवून तिच्याकडं पाहिलं. धुरानं तिचे डोळे लाल झाले होते. हीच वेळ होती. बयाबाईनं तोंड उघडलं.

“पोचतंय,” ती म्हणाली.

रात्रभर तिचा डोळा लागला नाही. दुसऱ्या दिवशी दुपारी पदराखाली खुरपं घेऊन ती बोरीकडं गेली. पोर उचलायची, दुसरीकडं न्यायची, कुठं ते ठरलं नव्हतं. पण शमशुद्दीन तिथंच खुंट्या ठोकत बसला होता. चौकोनाची दोरी बोरीच्या बुडाला घासून गेली होती.

“मावशी, दोरीवर पाय पडंल, जरा सांबाळून,” तो म्हणाला. “उद्या हितं सुरू करायचं हाय.”

बयाबाई उभी राहिली.

“काय पायजे हुतं काय मावशी?”

“न्हाई,” ती म्हणाली. “तण काढाय आलोतो.” बोरीच्या भोवती तणाची काडी नव्हती. शमशुद्दीननं एकदा तिच्याकडं पाहिलं आणि पुन्हा हातोडी उचलली.

दुसऱ्या दिवशी त्या चौकोनात कुदळ होती जोतीरामाच्या हातात.

बयाबाई सकाळपासून काठावर बसून होती. कुणी तिला हटकलं नाही. म्हातारीचं डोकं फिरलंय असंच आता गावात बोलत होते. चैत्राचं ऊन कानशिलावर तापत होतं. जोतीराम माती ढिली करायचा, झुंबर घमेलं भरून चाळणीकडं न्यायची, परत यायची. कुदळ वर गेली की बयाबाई काठावर पुढं सरकायची. बोरीच्या बाजूला तो सरकला तेव्हा ती न राहवून म्हणाली, “जोती, हळू.”

“काय हळू?”

“हळू मार.”

त्यानं रागानं कुदळ हाणली. खडाक् करून आवाज आला.

शमशुद्दीननं उडी टाकून त्याचा हात धरला. तो खाली बसला, हातानं माती सारली. इथली माती बाकीच्यासारखी घट्ट नव्हती. भुसभुशीत होती, आणि काळपट. रांजणाचं पालथं बूड दिसलं. त्याच्या कडेला बोट घालून त्यानं ते जरासं उचललं आणि लगेच परत टेकवलं.

“साहेब,” तो म्हणाला. “हे जुनं न्हाई.”

रांजणाच्या कडेला हिरवं कापड दिसत होतं. मातीनं कुजलेलं, पण लाल काठ अजून ओळखू येत होता.

“सगळे वर या,” साहेब म्हणाले. “कुणी हात लावू नका.”

बाळासो तिथंच होता. “नव्या मयताची हाडं म्हंजे वर्दी द्याय लागंल साहेब,” तो म्हणाला. “पंचनामा हुईल. कुणाचं पाप हाय ते कळाय पायजे.”

बयाबाई काठावरनं खाली उतरली. तिला नीट उतरता आलं नाही, घसरून ती मातीत पडली, गुडघा फुटला. रांगत ती रांजणापाशी गेली आणि त्याच्यापुढं अंग आडवं करून बसली.

“पाप न्हाई कुणाचं,” ती म्हणाली. “माझी नात हाय ती. मी पुरली.”

जोतीरामाच्या हातातली कुदळ खाली पडली.

घमेलं घेऊन परत आलेली झुंबर काठावर उभी होती. तिनं लाल काठ पाहिला. मग सासूकडं पाहिलं. सगळं गाव तिच्याकडं बघत होतं.

“मसणवटीत पुरली म्हणालतासा,” ती म्हणाली.

“खोटं बोललो.”

“मी तितं दूध घालतो. एवढं दीस.”



झुंबर खाली उतरली. सासूच्या समोर येऊन उभी राहिली. तिचा आवाज चढला नाही, उलट इतका उतरला की काठावरची माणसं पुढं झुकली.

“तुमी मारलीसा काय तिला?”

“न्हाई गं बाई.”

“पोरगी झाली म्हणून?”

“न्हाई! अमीरबीला इचार. जोतीची आण…”

“माझ्या नवऱ्याची आण घालू नगासा.”

कुणीतरी अमीरबीला बोलवायला पळालं. ती येईपर्यंत कुणी जागचं हललं नाही. बयाबाईच्या गुडघ्यातनं रक्त येत होतं, ते पांढऱ्या मातीत जिरत होतं. अमीरबी काठी टेकत आली, तिला खाली उतरवायला शमशुद्दीननं हात दिला. काय झालंय ते तिला कुणी नीट सांगितलंही नव्हतं. पण हिरवं कापड बघून तिला कळलं.

“पोर निळी पडली,” ती झुंबरला म्हणाली. “दम धरत न्हवती. मी तिच्या तोंडात माझा दम फुकला, लई येळ. हिनं पाय चोळलं तिचं. थांबली न्हाई ती. कुणी काय केलं न्हाई, बेटा. अल्लाच्या घरची वस्तू.”

“आन पुरताना तू हुतीस?” बाळासोनं विचारलं.

“न्हाई. मी घरला गेलतो.”

“म्हंजे पुरताना कुणीच न्हवतं.” बाळासो झुंबरकडं वळला. “पोर तुझी हाय. तू सांग. तुजा संशय हाय? आसंल तर मी आत्ता ठाण्यात माणूस धाडतो. भिऊ नगंस.”

जोतीराम बायकोकडं बघत होता. बयाबाईनं कुणाकडंच पाहिलं नाही. तिनं एवढंच म्हटलं, ते कुणाला उद्देशून म्हटलं ते तिलाही माहीत नसावं:

“माझा पयला पोरगा मसणवटीतच दिलाता. त्या साली पूर आला. उतरल्यावर तो वर आलाता. कुत्र्यानं वडत दारापतूर आणला. माझ्या दारापतूर. हिला मी तितं देणार न्हवतो.”

वाऱ्यानं दोरी हलली. झुंबर वाकली. रांजणाच्या बुडावर तिनं तळहात ठेवला, बूड उन्हानं तापलं होतं.

“न्हाई,” ती बाळासोला म्हणाली. “माजा कुणावर संशय न्हाई. तुमी जावा आता.”

बाळासो धोतर झटकत निघून गेला. साहेबांनी खुंट्या उपटायला सांगितल्या. ते म्हणाले, हा चौकोन आम्ही उकरणार नाही, बोरीपासून चारी बाजूला जागा सोडू. जोतीराम म्हणाला, पोरीला काढून रीतीनं मसणवटीत नेऊ. झुंबरनं मान हलवली. “हलवायची न्हाई,” ती म्हणाली. तिनं स्वतःच्या हातानं माती लोटली. बयाबाईनं एक मूठ उचलली, तेव्हा झुंबरनं तिचं मनगट धरलं आणि मूठ उघडायला लावली.

त्यानंतर ती घरात सासूशी बोलली नाही. भाकरी वाढायची, पाणी ठेवायची, गुडघ्याला हळद लावायला वाटी पुढं सरकवायची. पण तोंडातनं शब्द नाही. साहेबांनी सामान बांधलं, तंबू गेले, चर बुजवले. एक दिवस झुंबरनं पिशवी भरली आणि ती चंदगडच्या एस्टीत बसली. माहेरी जाते एवढंच जोतीरामाला म्हणाली. परत कधी, ते सांगितलं नाही. जोतीराम जेठात जाऊन आला. “येत न्हाई म्हणती,” म्हणाला आणि ओसरीवर पडून राहिला. आईनं वाढलेल्या ताटातलं जेवण तसंच ठेवून उठला.

आषाढात बयाबाई स्वतः निघाली.

चंदगडचा पाऊस तिला ठाऊक नव्हता. एस्टीच्या खिडकीतनं बाहेर काही दिसत नव्हतं, नुसतं पांढरं. फाट्यावर उतरून ती वाट विचारत चिखलातनं चालत गेली. व्याह्याच्या घरी कुणी नव्हतं; शेजारणीनं सांगितलं, सगळी लावणीला गेलीत. ती खाचराच्या बांधावर येऊन उभी राहिली. पाचसहा बायका पाठीवर इरली घेऊन वाकल्या होत्या. त्यातली झुंबर कोणती ते तिला पाठीवरनंच कळलं.

झुंबरनं मान वर केली. पाहिलं आणि पुन्हा वाकली. हातातली जुडी संपेपर्यंत ती लावत राहिली. मग बांधाकडं आली. तिच्या कोपरापर्यंत चिखल होता.

“कशाला आलासा? भिजलासा की सगळ्या.”

“तुला न्याय आलो न्हाई,” बयाबाई म्हणाली. “मन आसंल तवा ये. नसंल तर नगं येऊस. बोलाय आलो.”

“बोला.”

पण एवढ्या लांब येताना बयाबाईनं जुळवलेलं सगळं पावसात विरून गेलं होतं. झुंबर तिच्या तोंडाकडं बघत उभी राहिली. बाकीच्या बायका लावत लावत मागं सरकत होत्या.

“नाव ठेवलंतंसा तिचं?” झुंबरनंच विचारलं.

“बारसं कुठं झालंतं गं. नाव न्हाई.” मग बयाबाई अडखळली. “पर लुगड्यात घालताना मी चिमणा म्हणालो तिला. आपलं तोंडात आलं. येवडीशी हुती.”

“चिमणा,” झुंबर म्हणाली.

तिनं बांधावरची भाताच्या तरव्याची जुडी उचलली, पाण्यात हिसडली, मुळांची माती सुटून गेली. मग तिनं ती जुडी सासूच्या पुढं केली.

बयाबाईनं लुगडं वर खोचलं. गुडघ्यावरचा वण पांढरा दिसत होता. ती चिखलात उतरली, पोटरीपर्यंत आत गेली. दोघी शेजारी वाकल्या. बयाबाईच्या गावाकडं भात असं लावत नव्हते. तिची रोपं वाकडी बसायची, झुंबर हात लांबवून ती सरळ करायची आणि काही न बोलता मागं सरकायची. पाऊस पाठीवर पडत होता.

बऱ्याच वेळानं, मान वर न करता झुंबरनं विचारलं, “रडलीवती का वो ती?”

बयाबाईचा हात पाण्यात थांबला.

“एकदा,” ती म्हणाली. “एकदाच. पर मोठ्यांदा. भाईर पाऊस एवढा कोसळालाता, तरीबी घरभर ऐकू आलं.”

झुंबरनं ऐकून घेतलं. तिच्या हातातलं रोप चिखलात गेलं, आणि मग दुसरं.